'डोन्ट' म्हणाल्यानं पोरं बिघडत नाहीत

पोरगं 'आय डोन्ट नो' म्हणालं की 'डू नॉट म्हण, शॉर्टकट चालणार नाही' असं खडसावणारे इंग्रजीचे सर आपल्या मराठवाड्यात अजून गावोगावी आहेत. अर्जात, निबंधात पूर्ण रूप लिहायला लावा, त्याला माझी ना नाही. पण बोलतानासुद्धा? आपण तरी कुठं सुटं सुटं बोलतो? 'काय करायलास?' 'जेवायलोय.' संपला विषय. इंग्रजही बोलताना असंच जोडून बोलतात, भले शिकलेसवरलेले.

नुकसान होतं ते ऐकताना. लातूर-नांदेडचं पोरगं पुण्यात नोकरीला लागतं, फोनवर अमेरिकन माणूस येतो आणि याची तारांबळ उडते. 'आय कॅन कम' म्हणताना तो 'कॅन' नुसता 'कन' असा दाबतो, जोर 'कम'वर. 'आय कॅन्ट कम'मध्ये 'कॅन्ट'वरही जोर येतो आणि शेवटचा 'ट' बऱ्याचदा गिळलेला असतो. आमचं पोरगं तो 'ट' शोधत बसतं. समोरचा 'जमणार नाही' म्हणाला, यानं 'जमेल' ऐकलं! व्याकरण तोंडपाठ आहे हो, पण हे कानावर कुणी पडूच दिलं नाही.

कडक व्हायचंच असेल तर 'इट्स'वर व्हा. 'त्याचं' या अर्थी ॲपॉस्ट्रॉफी नाही, 'इट इज' किंवा 'इट हॅज'चं आखूड रूप असेल तर आहे. दोन्हींचा उच्चार एकच, त्यामुळं खुद्द इंग्रजसुद्धा इथं आपटतात. तिथं 'इट इज' किंवा 'इट हॅज' घालून वाक्य म्हणून बघायचं. बसलं तर ॲपॉस्ट्रॉफी द्यायचा, नाही तर नाही.

आता 'सर'. आपल्याकडं देशमुख सर, कुलकर्णी सर. तिकडं ही पदवी पहिल्या नावाला लागते. ब्रॅडमनला १९४९ साली नाइटहूड मिळाली तेव्हा तो 'सर डोनाल्ड' झाला, 'सर ब्रॅडमन' नव्हे. 'मिस्टर'चं उलटं, तो आडनावाला किंवा पूर्ण नावाला लागतो. 'मिस्टर संतोष' हे आपलं घरचं इंग्रजी.

'रिस्पेक्टेड सर'ला हसणारे पुणेकर मला आवडत नाहीत. तहसीलच्या अर्जावर ते शोभतं, खुशाल लिहा. परदेशी कंपनीला मात्र 'डिअर' आणि नाव एवढं पुरतं. ब्रिटिश रिवाजानं 'डिअर सर'खाली 'युअर्स फेथफुली', नावानं सुरुवात केली तर 'युअर्स सिन्सिअरली'.

आणि ऑफिसात साहेब स्वतः म्हणाला 'नावानं हाक मार', तरी आमच्या पोरांच्या तोंडून 'सर' सुटत नाही. नसू दे. गल्लीतल्या चार वर्षांनी मोठ्या पोरालाही दादा म्हणत वाढलेली ही पोरं, वेळ लागणारच. पण अधिकारी बाई असताना 'डिअर सर' लिहिणं तेवढं थांबवा. लग्न झालंय का याची चौकशीही नको, लग्न झालेली असो वा नसो, दोघींनाही चालणारं 'मिझ' (Ms) आणि आडनाव लिहा, काम झालं.