३३ विरुद्ध २७ हा हिशेब अर्धाच आहे

जून २०२२ मध्ये महाराष्ट्रातून राज्यसभेच्या सहा जागांची निवडणूक झाली, तीत शिवसेनेचे (महाविकास आघाडी) संजय पवार हरले आणि भाजपचे धनंजय महाडिक जिंकले. पवारांना पहिल्या पसंतीची ३३ मतं होती आणि महाडिकांना २७, म्हणून निकाल अन्यायाचा, हे एका लेखातलं म्हणणं पटत नाही. मोजणीत प्रत्येक मताची किंमत १०० धरतात. वैध मतं २८४, म्हणजे २८४०० भागिले ७ (सहा जागा अधिक एक), अपूर्णांक सोडून अधिक १: कोटा, म्हणजे जिंकायला लागणारं मूल्य, ४०५८. भाजपचेच गोयल आणि बोंडे यांना प्रत्येकी ४८ मतं, म्हणजे प्रत्येकाचं कोट्यापेक्षा जास्तीचं मूल्य ७४२. ते ४८ मतपत्रिकांवर वाटलं की, अपूर्णांक सोडून, एकेकीची किंमत १५. दोघांच्या मिळून ९६ मतपत्रिकांवरची दुसरी पसंती शिस्तीत महाडिकांना गेली तर १४४० ची भर पडते, आणि २७०० चे ४१४० होतात, म्हणजे कोट्याच्या वर.

आघाडीची खरी चूक इथेच दिसते: तिच्याकडे वाटायला जास्तीचं मूल्यच फार थोडं उरलं होतं.