‘आरव’चा अर्थ ‘शांत’ नव्हे

एका लेखात ‘आरव’ या मुलाच्या नावाचा अर्थ ‘शांत, सौम्य’ असा दिला आहे, तो मला अजिबात पटला नाही. ‘रु’ म्हणजे आवाज करणे, या संस्कृत धातूला (क्रियापदाच्या मूळ रूपाला) ‘आ’ उपसर्ग लागून व्याकरणकार पाणिनीच्या ‘विभाषाङि रुप्लुवोः’ (३.३.५०) या सूत्राने ‘आराव’ आणि ‘आरव’ अशी दोन्ही रूपे सिद्ध होतात, आणि अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशातही हे दोन्ही शब्द निनाद, ध्वनी, रव यांच्याच पंक्तीत बसवलेले आहेत. कोंबडा आरवतो असे आपण मराठीत रोज म्हणतो, त्यात शांतता कोणी शोधत नाही. शांततेचा अर्थ हवाच असेल तर तो ‘नीरव’ या शब्दात आहे.

आमच्या नात्यातल्या एका बाळाचे हेच नाव ठेवले गेले तेव्हा बारशाच्या पत्रिकेवर ‘शांत’ असाच अर्थ छापला होता; मुलाने मात्र धात्वर्थाशी इमान राखले आहे. नाव वाईट आहे असे मला मुळीच म्हणायचे नाही, कारण नाद, घोष हे अर्थही तितकेच सुंदर आहेत. (रावण हे नावही याच धातूचे, पण ते आईवडिलांना सांगू नये.)