टॅप-इन म्हणू नका

आज दुपारी ऑफिसच्या ग्रुपवर कुणीतरी एक फोटो टाकला. फुटबॉलमधले आजवरचे सगळ्यात थोर स्ट्रायकर, दहा जणांची यादी. असल्या याद्यांकडे मी बघत नाही. पण खाली एकानं विचारलं होतं, यात जर्मनीचा मिरोस्लाव क्लोजे कुठंय? त्यावर उत्तर आलं, "तो? टॅप-इनवाला. गोलसमोर उभं राहायचं आणि पाय लावायचा. नशीबवान माणूस." त्याखाली सात अंगठे आणि हसणारे चेहरे.

तेव्हापासून डोकं फिरलंय. आता रात्रीचे साडेदहा झालेत, भांडी तशीच पडलीत आणि मी हे लिहायला बसलेय.

माझे वडील सुतार. आप्पा. कोल्हापूरचे. वर्ल्डकप आला की कोल्हापुरात गल्ल्यागल्ल्यांत ब्राझील नाहीतर अर्जेंटिनाचे झेंडे लागतात हे तुम्हाला सांगायला नको. आमच्या घरात मात्र 2002 पासून जर्मनी आहे, आणि ती एकाच माणसामुळे आहे.

1 जून 2002, शनिवार. जपानमध्ये साप्पोरोला सामना होता, आपल्याकडे संध्याकाळी पाचला. मी तेव्हा नुकतीच नववीत गेले होते. आप्पांचं त्या आठवड्यात एका जुन्या कौलारू घराचं छप्पर बदलायचं काम चालू होतं, पावसाच्या आत उरकायचं म्हणून घाई होती, तरी सामन्यासाठी ते लवकर आले. कानावर पेन्सिल तशीच, शर्टावर भुसा. जर्मनीनं सौदी अरेबियाला 8-0 हरवलं. त्यातले तीन गोल एका पोराचे, ज्याचं नाव आमच्यापैकी कुणी ऐकलं नव्हतं. तिन्ही डोक्यानं.

तिसऱ्या गोलनंतर आप्पांनी चहाचा ग्लास खाली ठेवला आणि म्हणाले, "बघितलंस न्हवं? ह्यो पोरगा बॉलमागं पळंना. बॉल येणार तिथं आधीच जाऊन हुबा ऱ्हातोय."

मला त्यातलं काही कळलं नाही. कळलं दुसऱ्या दिवशी, डबा घेऊन कामावर गेले तेव्हा. दोन माणसं खालून दोरानं वासा वर ओढत होती आणि आप्पा भिंतीवर उभे होते. माझी नजर त्या हेलकावणाऱ्या वाशावर. आप्पांची नजर वाशावर नव्हतीच, ते भिंतीतल्या खाचेकडे बघत होते. वासा अजून हातभर लांब असतानाच ते अर्धं पाऊल डावीकडे सरकले, आणि वाशाचं टोक अलगद त्यांच्या खांद्यावर येऊन टेकलं. खांदा झुकवला, वरून हातोडीचा एक ठोका. बसला. खाली उभा असलेला घरमालक म्हणाला, "झालं? एवढंच?" ती खाच पटाशीनं कोरण्यात, काटकोन बघायचा गुण्या लावून पुन्हा पुन्हा तपासण्यात अख्खी सकाळ गेली होती. ते बघायला तो तिथं नव्हता.

डबा खाताना आप्पा मला म्हणाले, "वासा आल्यावर खांदा द्यायला धावलीस तर डोकं फुटंल. खांदा आधी तिथं पायजे."

पुढं एक दिवस पेपरात आलं की हा क्लोजे मुळात सुतार आहे. टेबल-खुर्चीचा नव्हे, छपराचा. जर्मनीत छपराचं लाकूडकाम करणाऱ्यांचा धंदा वेगळा असतो, त्याचं रीतसर शिक्षण असतं, ते त्यानं घेतलं होतं. आप्पांनी ती बातमी दोनदा वाचली आणि एकच शब्द बोलले. "तरीच."

आता नशिबाचं बोलू. हा माणूस जन्मला पोलंडमध्ये, ओपोलेला, 1978 साली. वडील फुटबॉलपटू, आई पोलंडच्या हँडबॉल संघाची गोलकीपर. आठव्या वर्षी हे कुटुंब जर्मनीतल्या कूजेल नावाच्या लहानशा गावात आलं, तेव्हा पोराला जर्मन भाषेतले दोन शब्द येत होते, हो आणि धन्यवाद. त्या दोन शब्दांवर शाळेत बसवलेलं पोर. मोठ्या क्लबांची मुलं अकादमीत वाढत होती त्या वयात हा छपरावर चढत होता आणि खेळत होता ब्लाउबाख-डीडेलकोप्फकडून. सातव्या दर्जाची लीग. सातव्या! विसाव्या वर्षी तो तिथून होम्बुर्गला गेला, मग कायझर्सलाउटर्नच्या दुसऱ्या संघात, मग पहिल्या. मार्च 2001 मध्ये जर्मनीच्या राष्ट्रीय संघाकडून अल्बानियाविरुद्ध बदली म्हणून उतरला आणि 88 व्या मिनिटाला डोक्यानं गोल करून सामना जिंकून दिला. सातव्या लीगमधून तिथवर यायला तीन वर्षंसुद्धा लागली नाहीत. याला नशीब म्हणणाऱ्यांनी एकदा सातव्या लीगचं मैदान डोळ्यासमोर आणावं.

2002 च्या त्या वर्ल्डकपमध्ये त्याचे पाच गोल झाले, पाचही डोक्यानं. 2006 ला पुन्हा पाच, स्पर्धेत सगळ्यात जास्त, म्हणून गोल्डन बूट. 2010 ला चार. 2014 ला दोन. एकूण सोळा. चार वर्ल्डकप, आणि चारही वेळा जर्मनी उपांत्य फेरीत. त्यानं गोल केला आणि जर्मनी तो सामना हरली, असं त्याच्या अख्ख्या कारकिर्दीत एकदाही झालं नाही. ही यादी टाकणाऱ्यानं नाही तर निदान त्या सात अंगठेवाल्यांनी तरी हे बघायचं होतं.

बरं, मान्य आहे. सोळातले तीन सौदीविरुद्धचे आहेत आणि तो सौदीचा संघ कच्चा होता. आधीच्या पिढीतल्या गेर्ड म्युलरनं जर्मनीसाठी 62 सामन्यांत 68 गोल केले, क्लोजेला 71 करायला 137 सामने लागले, तेही मान्य. बायर्न म्युनिक या क्लबमधल्या शेवटच्या मोसमात त्याचा लीगमध्ये एकच गोल होता. झालं? लिहिलं मी सगळं.

पण "उभं राहायचं आणि पाय लावायचा" हे मी मानणार नाही. 2006, बर्लिन, उपांत्यपूर्व फेरी. अर्जेंटिना एका गोलनं पुढं, 80 वं मिनिट. बालाकनं डावीकडून चेंडू आत टाकला, बोरोव्हस्कीनं तो डोक्यानं पुढं सरकवला. त्या क्षणी पेनल्टी बॉक्समधला प्रत्येक माणूस चेंडूकडे बघत होता. क्लोजे तेवढा निघाला होता, चेंडू अजून यायचा होता तिथं. डोकं लावलं, गोल. पुढं पेनल्टीवर जर्मनी जिंकली. तो गोल टीव्हीवर दाखवतात तेव्हा शेवटचा एक सेकंद दाखवतात, हातोडीचा ठोका. मी मात्र दरवेळी त्याच्या आधीचं बघते, ते अर्धं पाऊल.

आणि हे चिडून लिहिण्याचं खरं कारण सांगू? परवाच आमच्या सोसायटीत एका सुताराशी एक जण वाद घालत होता. दार बसवायला दोन तास लागले, दोन तासांचे एवढे पैसे कसे? त्या माणसाला ते दार पुढची वीस वर्षं कुरकुरणार नाही याचे पैसे द्यायचे नाहीत, त्याला हातोडीच्या ठोक्यांचे द्यायचेत. तो सुतार काही बोलला नाही, हातातली पटाशी फडक्यात गुंडाळत राहिला. मी मध्ये पडले, थोडी जास्तच बोलले. आणि आज तीच भाषा ग्रुपवर. काम सोपं दिसलं म्हणजे सोपंच होतं, असं धरून चालणारी माणसं मला सहन होत नाहीत.

जरा पाणी पिऊन आले.

त्याच्या स्वभावाचं सांगायचं राहिलं. 2005 ला तो जर्मनीतल्या वेर्डर ब्रेमेन क्लबकडून खेळत होता. बीलेफेल्डविरुद्ध रेफरीनं त्याला पेनल्टी दिली, आणि हा स्वतः जाऊन रेफरीला म्हणाला, फाउल नव्हता, गोलकीपरनं आधी चेंडूच खेळला. पेनल्टी रद्द. एकदाच घडलं असतं तर म्हटलं असतं, त्या दिवशी मन मोठं होतं. पण सात वर्षांनी, सप्टेंबर 2012 मध्ये, इटलीतल्या लाझिओ क्लबकडून नापोलीच्या मैदानावर तेच. सामना नुकताच सुरू झालेला, 0-0, कॉर्नरवर चेंडू आत गेला, रेफरीनं गोल दिला. क्लोजे गेला आणि म्हणाला, हाताला लागलाय. गोल रद्द. नापोलीचे खेळाडू येऊन त्याच्या गळ्यात पडले. पुढं लाझिओ 3-0 हरली.

ते वाचल्यावर मी आप्पांना फोन केला होता. मला वाटलं खूश होतील. ते म्हणाले, "मग काय करणार? गुण्यात न्हाई बसलं तर न्हाई बसलं." एवढंच. त्यांच्या लेखी त्यात कौतुकाचं काही नव्हतंच. वाकडा वासा ठोकून सरळ दाखवणाऱ्या कारागिराला आप्पांनी कधी हाताखाली ठेवला नाही. त्यापायी कामं गेलेली मी पाहिलीत. एका घराचं आढं त्यांनी स्वतःच्या पैशानं पुन्हा घातलं, दोन बोटं चुकलं होतं म्हणून, आणि त्या वर्षी दिवाळीला आम्हाला नवे कपडे आले नाहीत. तेव्हा मला राग आला होता. आज येत नाही.

2014 ची ती रात्र. आपल्याकडे रात्री दीड वाजता सामना सुरू झाला, ब्राझीलविरुद्ध उपांत्य सामना, बेलो होरिझोंतेला. मी मुद्दाम कोल्हापूरला गेले होते. सगळी गल्ली जागी, पिवळे झेंडे, फटाके तयार. क्लोजे 36 वर्षांचा. त्या आधी घानाविरुद्ध बदली म्हणून उतरून दोन मिनिटांत त्यानं वर्ल्डकपमधला पंधरावा गोल केला होता आणि तेव्हाच्या सर्वाधिक गोलांच्या विक्रमात रोनाल्डोशी बरोबरी केली होती. तो ब्राझीलचा रोनाल्डो त्या रात्री स्टेडियममध्येच होता, समालोचनाला. 23 व्या मिनिटाला क्लोजेनं मारलेला चेंडू गोलकीपर ज्युलियो सेझारनं अडवला, आणि अडवलेला चेंडू परत त्याच्याच पायाशी आला. मारला. सोळावा.

आप्पा खुर्चीतून उठले नाहीत, ओरडले नाहीत. हळूच म्हणाले, "हलला न्हाई बघ. पहिला अडवला म्हणून मान खाली नाही घातली त्यानं."

पुढच्या सहा मिनिटांत आणखी तीन गोल झाले, गल्ली चिडीचूप झाली, त्याचं आप्पांना वाईटच वाटलं. समोरचा मुलगा पायरीवर बसून रडत होता, त्याला त्यांनी आत बोलावून चहा दिला. अंतिम सामन्यात 88 व्या मिनिटाला क्लोजे बाहेर आला आणि त्याच्या जागी ग्योत्झे आत गेला. 113 व्या मिनिटाला गोल केला तो त्या ग्योत्झेनं. क्लोजेचा वर्ल्डकप असा हाती आला, शेवटच्या ठोक्याला तो मैदानात नसताना.

मघाशी नऊला आप्पांना फोन करून ग्रुपवरचं सगळं सांगितलं. ते आता चौऱ्याहत्तर वर्षांचे आहेत, काम सोडून सहा वर्षं झाली, गुडघे जिना चढू देत नाहीत. मी तावातावानं बोलत होते. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "शनिवारी येणार हाईस न्हवं?"

हो म्हटलं.

"मग ती अर्जेंटिनाची मॅच मोबाईलात घालून आण. डोळ्याचं ऑपरेशन झाल्यापासनं बघितली न्हाई. 80 मिनिटाच्या आधीपासनं लाव, नुसता गोल नको."