इंग्लंडची टोपी

इंग्लंडकडून फुटबॉल खेळलं की टोपी मिळते. खरीखुरी, मखमलीची, गोंडा लावलेली. जॅक लेस्ली या खेळाडूची टोपी २०२३ मध्ये वेम्बली मैदानावर त्याच्या घरच्यांच्या हातात दिली. तो वारला १९८८ मध्ये.

जन्म १९०१, लंडनच्या गोदी भागातल्या कॅनिंग टाउनचा. वडील जमैकाचे, कृष्णवर्णीय; आई इंग्लिश. जॅक पेशाने बॉयलरमेकर, म्हणजे बॉयलर बनवणारा कारागीर. १९२१ मध्ये प्लिमथ आर्गाइल या क्लबमध्ये गेला आणि तिथेच पुढची तेरा वर्षं इनसाइड लेफ्ट (डावीकडचा आक्रमक) खेळला. ४०० च्या आसपास सामने, १३७ गोल. डाव्या बाजूला तो आणि सॅमी ब्लॅक ही जोडी म्हणजे समोरच्या बचावफळीला ताप.

आता प्लिमथचं नशीब बघा. तिसऱ्या डिव्हिजनच्या दक्षिण गटातून वर जायचा फक्त पहिला, आणि हे पठ्ठे १९२२ पासून १९२७ पर्यंत ओळीने सहा वर्षं दुसरे! पहिल्या वर्षी तर साउदॅम्प्टनशी गुण सारखे, पहिला नंबर गोलच्या सरासरीवर गेला. शेवटी १९३० मध्ये वर गेले एकदाचे. एवढ्या खालच्या डिव्हिजनमधल्या माणसाकडे इंग्लंडच्या निवड समितीचं लक्ष जावं, म्हणजे तो काय खेळत असेल विचार करा.

गेलं होतं लक्ष. ऑक्टोबर १९२५, बेलफास्टला आयर्लंडविरुद्धचा सामना. प्लिमथचे मॅनेजर बॉब जॅक यांनी लेस्लीला बोलावून सांगितलं, तुझी इंग्लंडसाठी निवड झाली. गावभर आनंद. मग काही दिवसांत यादीतून नाव गायब. कारण कोणी दिलं नाही. लेस्ली म्हातारपणी सांगायचा की माझा रंग त्यांना आधी ठाऊक नसावा, नंतर कळला.

२४ ऑक्टोबरला बेलफास्टचा सामना ०-० सुटला. त्याच दिवशी प्लिमथने बोर्नमथला ७-२ ने धुतलं, त्यात लेस्लीचे दोन.

यावर ठरलेलं उत्तर येतं: ‘अहो, काळच तसा होता.’ हे मला मुळीच पटत नाही. त्याच काळात प्लिमथने याच माणसाला कॅप्टन केलं होतं. त्याच काळातली माणसं शनिवारच्या सामन्यांत त्याच्यासाठी घसा फोडत होती. नुसता खेळ विचारात घेतला तेव्हा समितीलाही तो हवा होता! चूक काळाची नव्हती, टेबलाभोवती बसलेल्या मोजक्या लोकांची होती, आणि ती त्यांच्या नावावर मांडायला हवी. फुटबॉल असोसिएशनने टोपी दिली, छान केलं. पण मराठीत टोपी ‘घालणं’ याचा अर्थ काय ते आपल्याला माहीत आहे. ती त्यांनी १९२५ मध्येच घातली होती.

चेंडूच्या चामड्याची वादी डोळ्याला लागली आणि कारकीर्द संपत आली. परत बॉयलरचं काम. उतारवयात लंडनच्या वेस्ट हॅम क्लबमध्ये बूट साफ करायची नोकरी. म्हणजे बॉबी मूर, जेफ हर्स्ट, मार्टिन पीटर्स, १९६६ चे ते तिघे विश्वविजेते, यांचे बूट. मला पुतळ्यापेक्षा (तोही झाला २०२२ मध्ये, लोकवर्गणीतून, प्लिमथच्या होम पार्क मैदानाबाहेर) हेच चित्र जास्त छळतं. आणि हेही, की १९७८ मध्ये व्हिव्ह अँडरसन हा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू इंग्लंडकडून खेळला, तेव्हा लेस्ली ७७ वर्षांचा होता. जिवंत होता. टोपी तेव्हाही देता आली असती.

त्याच्या नावापुढे इंग्लंडचे सामने आजही शून्यच आहेत. ती टोपी मानाची, मोजणीतली नाही. बोर्नमथचे दोन गोल मात्र मोजणीत आहेत.