काचेच्या वाटीत मासा ठेवून ‘मजेत आहे’ म्हणणाऱ्यांनो

‘अगं, त्याला काहीच लागत नाही!’ हे वाक्य यापुढे कुणी माझ्यासमोर उच्चारलं, तर मी गप्प बसणार नाही. आधीच सांगून ठेवते.

बेटा मासा. तोच तो फायटर, लांब झुलत्या शेपटीचा, निळा नाहीतर लालभडक. याला म्हणे फिल्टर नको, हीटर नको, मोठा टँक तर अजिबात नको. टेबलाच्या कोपऱ्यात काचेची वाटी, तळाला चार रंगीत खडे, झालं. कुणी सांगितलं? दुकानदाराने. आणि दुकानदार तरी दुसरं काय सांगणार? मासा महिन्याभरात मेला की गिऱ्हाईक पुन्हा त्याच्याच दारात येतं. वर ‘यांचं आयुष्यच तेवढं असतं’ हे ऐकून, मान डोलावून, दुसरा रंग निवडून घरी जातं. नीट ठेवला तर हा मासा तीन-चार वर्षं सहज काढतो. हे कुठल्या वाटीवर लिहिलेलं पाहिलंय कुणी?

दुकानात एकदा नीट वाकून बघा. फळीवर ओळीने प्लॅस्टिकचे पेले मांडलेले असतात आणि प्रत्येकात एक नर, कारण दोन नर एकत्र ठेवले तर एकमेकांना फाडतात. पेल्यात धड वळायलाही जागा नसते. पाणी पिवळट पडलेलं, कालचे खाण्याचे दाणे फुगून तळाशी बसलेले, त्यांच्याभोवती पांढरी बुरशी. परांच्या कडा काळसर, कुरतडल्यासारख्या. मासा तळाला टेकून पडलेला असतो. मग वर, पृष्ठभागावर येतो, तोंडाने हवेचा एक घोट घेतो आणि पुन्हा खाली जाऊन पडतो. आणि शेजारी उभा असलेला माणूस कौतुकाने म्हणतो, ‘बघ, किती शांत आहे!’ शांत? अहो, त्याच्यात त्राण उरलेलं नाही!

आता तो हवेचा घोट. सगळ्या थापांचं मूळ तिथे आहे. बेटाच्या डोक्यात, कल्ल्यांच्या वरच्या बाजूला, घड्या घातलेला एक अवयव असतो, लॅबिरिंथ म्हणतात त्याला. त्याने तो थेट हवेतला ऑक्सिजन घेतो. त्यामुळे ज्या पाण्यात इतर मासे ऑक्सिजनअभावी तडफडतील, तिथे हा तग धरतो. एवढं खरं आहे. पण यावरून लोकांनी काढलेला ‘मग याला कसलंही पाणी चालतं’ हा निष्कर्ष ऐकून तळपायाची आग मस्तकात जाते. ऑक्सिजन वरून मिळाला म्हणून पाण्यातली घाण कुठे जाते? मासा विष्ठा टाकतो, कल्ल्यांतून अमोनिया सोडतो, उरलेलं खाणं कुजून त्यात आणखी अमोनियाची भर पडते, आणि हे सगळं त्याच पाण्यात राहतं. कल्ले जळतात, पर झडायला लागतात. नाक उघडं आहे ना, म्हणून माणसाला संडासाच्या टाकीत गळ्यापर्यंत बुडवून ठेवाल का?

दुसरी थाप याहून वरची. ‘ते मूळचे डबक्यातलेच, त्यांना कमी पाण्याचीच सवय.’ हे सांगणाऱ्याच्या चेहऱ्यावर असा भाव असतो, की जणू स्वतः जाऊन बघून आलाय. हे मासे मूळचे थायलंडचे. तिथली भातखाचरं, दलदली, संथ वाहणारे पाट, गवताने गच्च भरलेली उथळ पाणथळं. उथळ! पाणी घोट्याएवढं असेल, पण पसरलेलं केवढं! वर तरंगत्या वनस्पती, बाजूला दडायला गवताची दाटी आणि पाणी बारा महिने कोमट. डबकी आटतात तेव्हा मासा कसाबसा दिवस काढतो, हे खरं. पण संकटात तग धरणं हे काही त्याचं घर नव्हे. त्या देशाने 2019 साली या माशाला आपला राष्ट्रीय जलचर जाहीर केलं. आणि आपण त्याला लॅपटॉपशेजारी, पेनांच्या डब्याला खेटून ठेवतो. म्हणे, रंग छान दिसतो!

किती पाणी हवं, हे विचारलं की मी वीस लिटर सांगते. सांगितल्याबरोबर समोरच्याचे डोळे विस्फारतात. ‘एका माशाला? एवढुशा?’ हो, एका माशाला. हिशेब शाळेतल्या मुलालाही जमेल असा आहे. मासा तोच, खाणं तेवढंच, घाण तेवढीच. एक लिटरच्या वाटीत तिची तीव्रता वीस लिटरच्या टँकपेक्षा वीसपट. शिवाय कमी पाणी झटकन तापतं आणि झटकन गार होतं. बेटाला 25 ते 28 अंशांच्या आसपासचं स्थिर तापमान लागतं. त्याखाली गेलं की तो मंदावतो, खात नाही, कोपऱ्यात तरंगत राहतो. मग लोक म्हणतात, ‘आमचा ना, जरा आळशीच आहे.’ थर्मामीटर बुडवून बघा की एकदा! आळशी मासा आहे का मालक, ते कळेल.

आणि वाटीत बसवणार काय? फिल्टर मावत नाही, हीटर मावत नाही, झाकण मिळत नाही. झाकण कशाला, म्हणाल. अहो, हा मासा उडी मारतो, चांगली सणसणीत. सकाळी जमिनीवर वाळलेला सापडला की मग रडू नका. झाकण हवं, आणि झाकण नि पाण्याच्या मध्ये बोटभर मोकळी हवाही हवी, कारण वर येऊन श्वास घेता आला नाही तर हा मासा चक्क बुडून मरतो.

आता त्या ‘स्वच्छते’कडे येऊ. इथे माझं डोकं सगळ्यात जास्त फिरतं, कारण हे करणारे लोक मनाने वाईट नसतात, उलट फार मायेने करतात. रविवार आला की मासा पेल्यात काढायचा, वाटी घासणीने चकचकीत करायची (काहीजण साबण लावतात, साबण!), खडे गरम पाण्याने धुवायचे, नळाचं पाणी काठोकाठ भरायचं आणि मासा पुन्हा आत. घासूनपुसून लख्ख. आणि मासा दुसऱ्या दिवशी गुंगलेला. का नाही होणार? टँकमध्ये हळूहळू जिवाणू वाढतात. काही अमोनियाचं नायट्राइट करतात, काही त्या नायट्राइटचं नायट्रेट, जे बरंच कमी घातक असतं आणि ठरावीक दिवसांनी थोडं पाणी बदलून काढता येतं. हे जिवाणू पाण्यात फारसे नसतात. फिल्टरच्या स्पंजवर, खड्यांवर, काचेवर चिकटून असतात. म्हणजे तुम्ही दर रविवारी नेमकं तेच घासून गटारात घालता. वर नळाच्या पाण्यातलं क्लोरीन उरलेल्यांचाही निकाल लावतं आणि माशाचे कल्ले पोळतं ते वेगळंच. पाणी रात्रभर उघडं ठेवलं की क्लोरीन उडून जातं, पण त्याऐवजी क्लोरॅमीन (क्लोरीन आणि अमोनियाचं संयुग) घातलेलं असेल तर ते तसं जात नाही. त्यासाठी डीक्लोरिनेटरचे थेंब मिळतात. माशाच्या खाण्याच्या डबीशेजारीच असतात, त्याच फळीवर! पण खडे जांभळे घ्यायचे का गुलाबी, यावर अर्धा तास चर्चा होईल, त्या बाटलीकडे कुणी ढुंकून बघणार नाही.

टँक ‘सायकल’ होऊ द्यावा लागतो, म्हणजे हे जिवाणू वसेपर्यंत थांबावं लागतं. चार ते सहा आठवडे. हे सांगितलं की लोक माझ्याकडे अशा नजरेने बघतात, की मी त्यांना तपश्चर्येलाच बसवते आहे. मासा आज हवा, आत्ता हवा. टँक भरला, अर्ध्या तासात मासा आत! मग आठवड्याभराने फोन. ‘पाणी तर अगदी काचेसारखं आहे गं, तरी तो असा का करतोय?’ काचेसारखं दिसणाऱ्या त्याच पाण्यात टेस्ट किटचे थेंब टाकून बघा. परीक्षानळीतलं पाणी पिवळं राहायला हवं, ते बघता बघता गर्द हिरवं होतं. अमोनिया डोळ्यांना दिसत नाही, म्हणून तर किट असतं. पण किटला पैसे घालवायचे म्हटलं की अचानक सगळ्यांना काटकसर सुचते.

फिल्टर बसवणाऱ्यांतही महाभाग आहेतच. ‘रात्री बंद करते, आवाज येतो.’ वाहतं पाणी थांबलं की स्पंजमधल्या जिवाणूंचा ऑक्सिजन तुटतो, ते मरायला लागतात, सकाळी चालू केलात की ती सगळी घाण टँकमध्ये. आवाजाचाच त्रास असेल तर साधा स्पंज फिल्टर घ्या, एअर पंपाची हवा कमी करा. बेटाला तसाही जोराचा प्रवाह सोसत नाही. ती लांबलचक शेपटी माणसांनीच निवड करत करत वाढवलेली आहे, ती ओढत प्रवाहाविरुद्ध पोहताना तो दमून जातो. म्हणजे शोभेसाठी शेपटी वाढवायची आम्ही आणि दमछाक त्याची.

घरी येणाऱ्यांची तर वेगळीच तऱ्हा. माझा टँक बघून पहिला प्रश्न, ‘एवढ्या मोठ्यात एकच? बिचारा कंटाळत असेल.’ कंटाळत नाही हो. त्याला हद्द लागते, सोबत नाही. दुसरा नर टाकलात तर एक तरी मरेल. मग कुणीतरी मोबाइलचा आरसा करून काचेला लावतं, तो कल्ले फुगवतो, सगळे हसतात, व्हिडिओ निघतो. ‘बघ, नाचतोय!’ समोर शत्रू उभा आहे असं वाटून तो अंगावर जातोय आणि तुम्हाला नाच दिसतो? एखाद-दोन मिनिटांचं ठीक आहे, पण दिवसभर हा उद्योग करून त्याला थकवू नका. माझ्या मावशीला हे सांगितलं, तर माशाचं फारच कौतुक करते म्हणून मलाच सुनावलं. तिच्या वाटीतल्या माशाने म्हणे वर बुडबुड्यांचं घरटं केलं, म्हणजे तो सुखात आहे. मावशी, नर वयात आला की घरटं करतो गं! गलिच्छ पाण्यातही करतो.

आणि ती प्लॅस्टिकची टोकदार झाडं! हातावरून जरा घासून बघा, ओरखडा उठतो. माशाच्या त्या मलमलीसारख्या परांचं काय होत असेल? जावा फर्न, अनुबियास लावा. दोन्ही मरायला तयार नसतात, कमी उजेडातही टिकतात, फक्त कंद खड्यात गाडू नका. बदामाचं वाळलेलं पान टाका, पाणी चहासारखं होईल, होऊ द्या. त्याला तसलंच आवडतं. पण ‘पाणी घाण दिसतं’ म्हणून ते पान मात्र लगेच काढलं जाणार. तेवढी घाण बरोबर दिसते!

आता शेवटचा प्रकार, गेल्या आठवड्यातलाच. मासा आजारी, पर झडतायत, फोटो माझ्याकडे. फोटोत तीच वाटी. सोबत दुकानदाराने दिलेल्या तीन बाटल्या. पर झडण्यावर एक, बुरशीवर एक, आणि एक ‘जनरल टॉनिक’. मी विचारलं, पाणी तपासलं का? नाही. तापमान? माहीत नाही. शेवटचं पाणी कधी बदललं? ‘रविवारी, सगळंच बदलते ना मी.’ घातलीच आहेत का औषधं? हो, तिन्ही एकदम. म्हणजे आधीच अमोनियाने पोळलेल्या माशाला तीन रसायनांच्या काढ्यात ठेवलंय, आणि मला विचारताय चौथं कुठलं घालू!

काही घालू नका. त्या बाटल्या बाजूला ठेवा. वाटी फेकून द्या, नाहीतर तीत बटणं ठेवा, मला देणंघेणं नाही. वीस लिटरचा टँक आणा, स्पंज फिल्टर लावा, हीटर लावा, पाण्यात डीक्लोरिनेटर घाला, मासा हळूहळू त्या पाण्याला सरावू द्या. जिवाणू वसेपर्यंत टेस्ट करत राहा आणि अमोनिया दिसला की लगेच पाणी बदला. पाव भाग, फार तर अर्धं. सगळं नाही. रविवार असला तरी सगळं नाही!