शॉर्टस्टॉपची जागा आणि ०.२६२ची सरासरी : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

व्हेनेझुएलाचा बेसबॉलपटू, शॉर्टस्टॉप (दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसमधला क्षेत्ररक्षक) लुईस अपारिसिओ याच्यावरील माझा लेख आपण नुसता वाचला नाहीत, तर त्यातले दावे आकडे काढून पडताळलेत, हे आपल्या प्रतिक्रियेवरून दिसते. म्हणून तिला दोन ओळींत उत्तर देऊन मोकळे होणे मला बरे वाटले नाही. आपले म्हणणे थोडक्यात असे. ज्याची फलंदाजीची सरासरी (प्रयत्नांमागे हिटचे, म्हणजे बेस मिळवून देणाऱ्या फटक्यांचे प्रमाण) ०.२६२, ज्याचे अठरा हंगामांत मिळून होमरन (सारे बेस एकाच फटक्यात मिळवून देणारे फटके) अवघे ८३ आणि जो शंभरातून जेमतेम एकतीस वेळा बेसवर पोहोचायचा, तो खेळाडू हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे बेसबॉलच्या थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत, शोभत नाही. बेसचोरीत (फटका नसताना धावून पुढचा बेस गाठण्यात) तो सलग नऊ वर्षे पहिला आला, पण त्या काळात दुसरे कोणी धावतच नव्हते. गोल्ड ग्लोव्ह हे क्षेत्ररक्षणाचे पारितोषिक नावाच्या पुण्याईवर मिळत राहते. आणि वडिलांनी आपली जागा मुलाला दिल्याच्या बापलेकाच्या गोष्टीत रमून मी हे सगळे प्रश्न टाळले. यांखेरीज माझी एक सरळ चूकही आपण दाखवलीत.

चुकीपासूनच सुरुवात करतो, कारण तिच्याबद्दल वाद नाही. 'मोठ्या लीगमध्ये पोहोचलेला पहिला व्हेनेझुएलन' असे मी अपारिसिओबद्दल लिहिले होते (मोठी लीग म्हणजे अमेरिकेतली सर्वोच्च व्यावसायिक स्पर्धा) आणि ते साफ चुकीचे आहे. तो मान अलेक्स कारास्केल या पिचरचा, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याचा. तो १९३९मध्ये वॉशिंग्टनकडून खेळला. त्याचा पुतण्या चिको कारास्केल १९५०पासून शिकागो व्हाइट सॉक्सचा शॉर्टस्टॉप होता आणि १९५१च्या ऑल-स्टार, म्हणजे निवडक खेळाडूंच्या, सामन्यात सुरुवातीच्या संघात उतरणारा पहिला लॅटिन अमेरिकन खेळाडूही तोच. ही चूक मला अधिक बोचली याचे कारण असे की, तिच्यामुळे अपारिसिओची स्वतःची कहाणीच अर्धवट राहते. १९५५च्या ऑक्टोबरात शिकागोने चिकोला क्लीव्हलंडकडे पाठवून लॅरी डोबीला घेतले, ते व्हेनेझुएलातल्या मराकाइबोचा हा एकवीस वर्षांचा मुलगा तयार झाला आहे अशी खात्री पटल्यावरच. म्हणजे एका व्हेनेझुएलन माणसाची जागा दुसऱ्या व्हेनेझुएलन माणसाने घेतली. वाट आधीच मळलेली होती. अपारिसिओ पहिला ठरला तो वेगळ्या दोन बाबतींत. १९५६मध्ये अमेरिकन लीगचा (मोठ्या लीगच्या दोन गटांपैकी एक; दुसरा नॅशनल लीग) सर्वोत्तम नवोदित म्हणून निवडला गेलेला तो पहिला लॅटिन अमेरिकन, आणि १९८४मध्ये हॉल ऑफ फेममध्ये गेलेला तो पहिला व्हेनेझुएलन. आजही तेथे दुसरा व्हेनेझुएलन नाही.

आता फलंदाजी. येथे मी आपल्याशी फारसे भांडणार नाही. अपारिसिओ ११,२३० वेळा बॅट घेऊन उभा राहिला आणि त्यांपैकी केवळ ७३६ वेळा त्याने पट्ट्याबाहेर पडलेले चार चेंडू सोडून फुकटचा बेस मिळवला. फलंदाजीला पहिल्या क्रमांकावर येणाऱ्याचे, म्हणजे त्याच्यासारख्याचे, मुख्य काम बेसवर पोहोचणे हेच असते आणि त्या कामात तो सामान्यच होता. त्या काळातल्या व्यवस्थापकांची समजूत अशी की, सर्वांत वेगवान माणूस सर्वांत वर खेळवावा. वेगाचा उपयोग बेसवर पोहोचल्यानंतर सुरू होतो, हे त्यांच्या लक्षात येत नव्हते असे नव्हे, पण त्याचा हिशेब कोणी मांडत नव्हते. आज कोणताही संघ अपारिसिओला आठव्या किंवा नवव्या क्रमांकावर खेळवील, हे आपले म्हणणे मला मान्य आहे. १९७१मध्ये बोस्टनकडून खेळताना सलग ४४ प्रयत्नांत त्याला एकही हिट मिळाली नाही, तेव्हा धीर देणारे पत्र त्याला थेट अध्यक्ष निक्सन यांच्याकडून आले होते. फलंदाजाची एवढी दैना राष्ट्राध्यक्षांच्या कानी जाणे ही काही मिरवण्याची गोष्ट नव्हे. तरीही एक नोंद जाता जाता करतो: त्याच्या आदल्याच वर्षी, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, या माणसाने ०.३१३च्या सरासरीने हंगाम संपवला होता, आणि कारकिर्दीअखेर त्याच्या नावावर २,६७७ हिट होत्या. तो दुबळा फलंदाज होता असे म्हणण्यापेक्षा, लीगच्या सरासरीहून खाली राहिलेला आणि तरीही अठरा वर्षे कोणाला संघाबाहेर काढता न आलेला फलंदाज होता असे म्हणणे मला अधिक नेमके वाटते. का काढता आले नाही, हाच खरा प्रश्न आहे आणि त्याकडे मी येतोच.

बेसचोरीबद्दलची आपली हरकत अर्धी खरी आहे. १९५०मध्ये डॉम डिमॅजिओ अवघ्या १५ चोऱ्यांवर अमेरिकन लीगमध्ये पहिला आला होता आणि १९५६मध्ये अपारिसिओलाही पहिले येण्यास २१ पुरल्या, तर त्याच वर्षी नॅशनल लीगमध्ये विली मेजने ४० बेस चोरले. धावण्याची हवाही शिकागोत अपारिसिओच्या आधीपासून होती. क्यूबाचा मिन्योसो १९५१ ते १९५३ सलग तीन वर्षे लीगमध्ये पहिला होता आणि १९५५मध्ये जिम रिव्हेरा. तेव्हा 'त्याने बेसचोरीची कला पुन्हा जन्माला घातली' हे माझे वाक्य उत्साहाच्या भरात लिहिले गेले, हे कबूल.

परंतु आपण १९५६वर थांबलात. १९५९कडे पाहा. त्या वर्षी अपारिसिओने ५६ बेस चोरले आणि लीगमध्ये दुसऱ्या स्थानावर असलेल्या मिकी मँटलचे होते २१. 'कोणी धावत नव्हते' हे खरेच, पण मग जो धावला त्याच्याविरुद्ध तो पुरावा कसा होतो, हे मला समजले नाही. सगळे चालत असताना एकट्याने धावायचे, तर पिचर आणि फलंदाजामागे उभा राहणारा कॅचर या दोघांचीही नजर त्या एकट्यावरच खिळलेली असते. शिवाय चोरीचा हिशेब यशावरच नव्हे, तर पकडले जाण्यावरही करावा लागतो. संपूर्ण कारकिर्दीत तो ५०६ वेळा यशस्वी झाला आणि १३६ वेळा पकडला गेला. म्हणजे पाचांतून जवळजवळ चार वेळा सुखरूप. ढोबळमानाने दहांतून सात वेळांपेक्षा जास्त यश मिळाले तरच हा धोका पत्करण्यात अर्थ असतो. तो त्या रेषेच्या बराच वर होता.

आता मुख्य मुद्दा, जो आपल्या प्रतिक्रियेत एका वाक्यात उरकला गेला आणि माझ्या लेखातही, खरे सांगायचे तर, पुरेसा आला नाही. शॉर्टस्टॉप हा दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधला क्षेत्ररक्षक. बहुतेक फलंदाज उजव्या हाताने खेळतात आणि त्यांनी जमिनीलगत मारलेल्या चेंडूंचा मोठा ओघ त्याच्याच दिशेने येतो. फलंदाजाला पहिल्या बेसपर्यंतचे नव्वद फूट धावायला चार-साडेचार सेकंद लागतात. तेवढ्यात चेंडूपर्यंत पोहोचणे, तो उचलणे आणि मैदान ओलांडून पहिल्या बेसकडे फेकणे ही तिन्ही कामे उरकावी लागतात. अपारिसिओ मोठ्या लीगमध्ये २,५८३ सामने या एकाच जागेवर खेळला आणि क्षेत्ररक्षणासाठी दुसऱ्या कोणत्याही जागेवर एकदाही उभा राहिला नाही. हा विक्रम २००८मध्ये मोडला तो काराकासच्या ओमर विझकेलने, म्हणजे पुन्हा एका व्हेनेझुएलन शॉर्टस्टॉपनेच.

गोल्ड ग्लोव्ह नावाच्या पुण्याईवर मिळतात, या आपल्या आरोपात तथ्य नाही असे मी म्हणणार नाही. त्याला असे नऊ हातमोजे मिळाले. त्यांतला एखादा सवयीने दिला गेला असेल. १९५९ ते १९६६ अशी सलग आठ वर्षे तो लीगमधील शॉर्टस्टॉपांत सर्वांत कमी चुकणारा होता, यालाही मी फार वजन देत नाही, कारण जो चेंडूपर्यंत पोहोचतच नाही त्याच्या नावावर चूकही लागत नाही. मी पाहतो तो आकडा वेगळा आहे. त्याच्या फेकीमुळे बाद झालेल्यांची संख्या, ज्याला असिस्ट म्हणतात, ८,०१६ आहे आणि १९५६ ते १९६१ अशी सलग सहा वर्षे तो त्यात लीगमध्ये पहिला होता. चेंडूपर्यंत पोहोचल्याशिवाय हा आकडा वाढत नाही. कमी चुका आणि अधिक असिस्ट हे दोन्ही एकाच माणसाकडे इतकी वर्षे असतील, तर पुण्याईपलीकडे काहीतरी आहे असे मानावेच लागते. सध्याचे विश्लेषक खेळाडूने संघाला मिळवून दिलेल्या विजयांचा जो एकत्रित अंदाज काढतात, त्यात फलंदाजीत सरासरीहून खाली असलेला हा माणूस पंचावन्नच्या आसपास जातो. त्या बेरजेतला मोठा हिस्सा हातमोज्याचा आणि पायांचा आहे.

१९५९च्या व्हाइट सॉक्सचे उदाहरण मी लेखात निसटते घेतले होते, ते येथे नीट मांडतो. या संघाचे वर्षभराचे होमरन होते ९७, म्हणजे दोन्ही लीगमध्ये सर्वांत कमी. एप्रिलमध्ये कॅन्सस सिटीविरुद्ध एका इनिंगमध्ये त्यांनी एकाच हिटवर अकरा धावा केल्या; उरलेले काम प्रतिस्पर्ध्यांच्या पट्ट्याबाहेरच्या चेंडूंनी आणि चुकांनी केले. (हा धावफलक मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा छपाईची चूक समजलो होतो.) असा संघ लीग जिंकतो तो धावा वाचवून. २२ सप्टेंबरच्या रात्री क्लीव्हलंडमध्ये शिकागो ४-२ने पुढे होते. शेवटची इनिंग, एक बाद, तिन्ही बेस भरलेले, आणि समोर क्लीव्हलंडचा फलंदाज विक पॉवर. नव्याने आलेला पिचर गेरी स्टॅली याच्या पहिल्याच चेंडूवर पॉवरने जमिनीलगत फटका मारला. तो अपारिसिओने उचलला, स्वतःच दुसऱ्या बेसवर पाय ठेवला आणि पहिल्या बेसवरच्या क्लुझेव्स्कीकडे फेकला. दोघे बाद, सामना संपला, आणि १९१९नंतर प्रथमच शिकागोच्या या संघाने लीग जिंकली. शहराच्या अग्निशमन प्रमुखांनी आनंदाच्या भरात हवाई हल्ल्याचे भोंगे वाजवले आणि शीतयुद्धाच्या त्या दिवसांत अनेक शिकागोकर घाबरून घराबाहेर आले. त्या वर्षी लीगच्या सर्वोत्तम खेळाडूच्या मतदानात पहिला आला त्याचा दुसऱ्या बेसवरचा जोडीदार नेली फॉक्स, आणि दुसरा अपारिसिओ. मत देणाऱ्यांनी ती मते हिटांची यादी पाहून दिलेली नव्हती.

हेच पुढे बाल्टिमोरमध्येही दिसले. १९६३च्या जानेवारीत त्याची तेथे अदलाबदल झाली आणि १९६६च्या वर्ल्ड सिरीजमध्ये (दोन्ही लीगच्या विजेत्यांतल्या अंतिम लढतीत) बाल्टिमोरने लॉस एंजलिस डॉजर्सना ४-० असे हरवले. पहिल्या सामन्यात दोन धावा केल्यानंतर डॉजर्सना अखेरच्या सलग ३३ इनिंगमध्ये एकही धाव करता आली नाही. श्रेय अर्थातच पिचरांचे, पण त्यांच्या मागे तिसऱ्या बेसवर ब्रुक्स रॉबिन्सन आणि शेजारी अपारिसिओ अशी भिंत उभी होती.

आपण वापरला नाहीत असा एक दाखला मीच आपल्या बाजूने देतो. २ ऑक्टोबर १९७२, डेट्रॉइट. बोस्टनचा सहकारी यास्त्रेम्स्की याच्या लांब फटक्यावर धाव पुरी करायला शेवटच्या बेसकडे धावत निघालेला अपारिसिओ तिसऱ्या बेसजवळ घसरून पडला आणि परत बेसवर आला. तोपर्यंत यास्त्रेम्स्कीही तेथेच पोहोचला होता आणि तो बाद झाला. बोस्टन तो सामना हरले आणि अखेर अर्ध्या सामन्याच्या फरकाने डेट्रॉइटच्या मागे राहिले. ज्याचे नावच पायांवर झाले, त्याचे पाय नेमके त्या दिवशी निसटले. बोस्टनचे जुने चाहते हे अजून विसरलेले नाहीत, आणि मी लेखात हा प्रसंग गाळला ते मात्र ममत्वापोटीच, हे मान्य करतो.

हॉल ऑफ फेमची दारे त्याला भावनेच्या भरात उघडली गेली, असेही आपण सुचवले आहे. तसे असते तर सहा वर्षे लागली नसती. आवश्यक मते ७५ टक्के. अपारिसिओला ती सहाव्या खेपेस, १९८४मध्ये, मिळाली आणि तेव्हा त्याचा वाटा ८४.६ टक्के होता. मत देणाऱ्या पत्रकारांनाही आपल्यासारखेच प्रश्न पडले होते आणि त्यांनी उत्तरासाठी वेळ घेतला, एवढेच मला त्यातून दिसते.

राहता राहिली बापलेकाची गोष्ट. वडील लुईस अपारिसिओ ओर्तेगा स्वतः त्यांच्या काळातले व्हेनेझुएलातले नामवंत शॉर्टस्टॉप. मराकाइबोच्या गाविलानेस या संघातली आपली जागा त्यांनी १८ नोव्हेंबर १९५३ रोजी मैदानातच मुलाच्या स्वाधीन केली. आपल्याला हे भावुक वाटते. मला ते या कारकिर्दीचे स्पष्टीकरण वाटते, कारण हा मुलगा ज्या घरात वाढला तेथे खेळाडूची किंमत आधी हातमोज्यावरून ठरत होती आणि नंतर बॅटवरून. शिकागोत पुढे ओझी गियेन आला, तोही व्हेनेझुएलाचाच शॉर्टस्टॉप. २००५मध्ये, १९५९नंतर प्रथमच, शिकागोने लीग जिंकली तेव्हा संघाचा व्यवस्थापक तोच होता. ही परंपरा मी रंगवलेली नाही.

मूळ लेखातले 'पहिला व्हेनेझुएलन' आणि 'पुन्हा जन्माला घातली' हे दोन्ही उल्लेख आज दुरुस्त केले आहेत आणि १९७२चा प्रसंग जोडला आहे. 'आपल्या काळातला सर्वोत्तम शॉर्टस्टॉप' हे वाक्य तसेच ठेवतो. आणि आपल्याही प्रतिक्रियेत एक दुरुस्ती हवी: मराकाइबोचे स्टेडियम या खेळाडूच्या नावाचे आहे असे आपण लिहिले आहे, तसे नाही. त्या दारावर 'लुईस अपारिसिओ एल ग्रांदे' असे नाव आहे. एल ग्रांदे म्हणजे थोरले; ते वडील.

आपला,
ब्लॉगलेखक