काल्पनिक जंतूलाही पोट असतं

कल्पनारम्य कथा लिहिणाऱ्यांमध्ये एक मजकूर सध्या हातोहात फिरतोय. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: आपल्या काल्पनिक जगात एखादा सूक्ष्मजीव घालायचा असेल तर जीवशास्त्राकडे बघूच नका. तो एका रात्रीत राज्य व्यापू दे, दिसेल त्याला मारू दे, स्वतःच्या डोक्याने डाव रचू दे. कुणी ‘हे कसं काय?’ विचारलं, तर ‘जादू’ म्हणा आणि पुढे चला. नव्याने लिहू लागलेली मुलं हा सल्ला मनावर घेतायत, म्हणून उत्तर द्यायला बसले. मी सूक्ष्मजीवशास्त्र शिकवते आणि उरलेल्या वेळात अशाच एका जगाची गोष्ट लिहिते.

आधी ते ‘एका रात्रीत’ बघू. यामागचा आकडा खरा आहे. ई. कोलाय या आतड्यातल्या जीवाणूला सगळं मनासारखं मिळालं तर त्याची एक पेशी २० मिनिटांत दुप्पट होते. याच वेगाने दुप्पट होत राहिली तर साधारण ४४ तासांत त्या ढिगाचं वजन पृथ्वीएवढं भरेल. कागदावर. प्रत्यक्षात काय होतं ते रोज आपल्या ओट्यावर दिसतं. रात्री कोमट दुधात चमचाभर विरजण घालतो, सकाळी दही लागलेलं असतं. दूध जास्त गरम असेल तर विरजण मरतं. थंडीत भांडं तांदळाच्या डब्यात खुपसून ठेवावं लागतं. आणि दही लागल्यावर ते जंतू काही ओटा ओलांडून बाहेर पडत नाहीत. दुधातली साखर खाऊन त्यांनी जे आम्ल सोडलेलं असतं, तेच त्यांच्या वाढीला आवर घालतं. जंतूला भूक असते, त्याचा स्वतःचा केरकचरा असतो आणि ऊबही लागते. हे तीन धागे हातात असले की त्याची गोष्ट आपोआप पुढे सरकायला लागते.

मजकुरात रक्तबीजाचा दाखला दिलाय: बघा, आपल्या पुराणकारांनी कुठे नियम पाळले? उलट आहे. सप्तशतीचा आठवा अध्याय काढून वाचा. रक्ताचा थेंब जमिनीवर पडला तरच त्यातून तेवढ्याच ताकदीचा दुसरा असुर उठतो. ही एवढीशी अट सगळं युद्ध पेलते. मातृका जितके घाव घालतात तितकं संकट वाढतं, आणि चामुंडा तोंड पसरून थेंब वरच्यावर झेलते तेव्हाच ते संपतं. जमिनीची अट काढून टाका, मग चामुंडेला करण्यासारखं काय उरतं?

‘दिसेल त्याला मारतो’ याला लांबलचक उत्तर नको. ज्यांच्या अंगात जंतू राहतो ते सगळे यजमान मेले की जंतूही उपाशी मरतो. ऑस्ट्रेलियात १९५०मध्ये सशांवर मिक्सोमा विषाणू सोडला. सुरुवातीला लागण झालेल्या शंभरांतले नव्याण्णव ससे मरत. काही वर्षांतच विषाणूचे सौम्य वाण पसरले, कारण जास्त दिवस जगलेला ससा रोग जास्त पसरवतो.

बुद्धीचं म्हणाल, तर मला स्वतःला सगळ्यात भुरळ घालणारा प्राणी हवाईच्या किनाऱ्यावर आहे. बोटाएवढं छोटं माकूल, म्हणजे स्क्विड. त्याच्या पोटाशी एक पिशवी असते आणि तिच्यात प्रकाश देणारे ॲलिव्हिब्रिओ फिशरी जंतू राहतात. एकटा जंतू जवळपास उजळतच नाही. प्रत्येक जण एक रसायन सोडत राहतो, दाटी झाली की ते साचतं आणि मग सगळे मिळून प्रकाश देतात. पहाटे माकूल त्यांतले बहुतेक बाहेर टाकून देतं, उरलेले रात्रीपर्यंत पुन्हा वाढतात. विचार करणारं डोकं इथे कुठेच नाही. तरी हे एखाद्या मसलतीसारखं वाटतं, आणि मसलत नाही हे कळल्यावर जास्तच अद्भुत वाटतं.

राहिला ‘जादू म्हणा’ हा मुद्दा. १८१९मध्ये इटलीत पादुआजवळच्या लेन्यारो गावात पोलेंतावर, म्हणजे मक्याच्या पिठाच्या उकडीवर, रक्तासारखे लाल डाग उठले. लोक घाबरले, सैतानाचं काम म्हणाले. बार्तोलोमेओ बित्सिओ या रसायनशास्त्रज्ञाने दमट, उबदार जागेत ताज्या पोलेंतावर तेच डाग पुन्हा उठवून दाखवले. त्याला ती बुरशी वाटली होती, प्रत्यक्षात तो जीवाणू होता. पण त्याने दिलेलं सेराशिया हे नाव आजही चालतं. ‘जादू’ म्हणून गाव जिथे थांबलं, तिथूनच ही गोष्ट वाचावीशी वाटायला लागते.

माझ्या जगातल्या जंतूचं नाव निळवण. तो मिठागरांत राहतो. या कल्पनेचं बीज सापडलं लोणारमध्ये: जून २०२०मध्ये सरोवराचं पाणी गुलाबी झालं आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेला त्यात हॅलोआर्किया नावाचे क्षारप्रेमी सूक्ष्मजीव सापडले. पाणी आटून क्षार वाढले की अशा जीवांचं फावतं, आणि त्यांच्यातल्या पुष्कळांच्या पेशी गोड्या पाण्यात फुटतात. निळवणीला मी हाच स्वभाव दिला आणि माकुलाच्या जंतूंची दाटीची अट जोडली. त्यामुळे वैशाखात वाफे आटत जातात तशी मिठागरं निळी उजळतात, आणि मिठागरावरची म्हातारी उजेडाकडे बघून मीठ कधी ओढायचं ते सांगते. त्याच उजेडावर खाडीत गलबतं शिरतात. मग मृगाची पहिली सर येते, वाफ्यांत गोडं पाणी साचतं आणि मध्यरात्रीच्या आत सगळी खाडी काळी पडते. चाचे वर्षभर त्याच रात्रीची वाट बघत असतात.